काळकोळंबीचे हार्दिक अभिनंदन

वसईतल्या गास गावच्या मिठागरांत राहणाऱ्या काळकोळंबीची शास्त्राने अद्याप दखल घेतलेली नाही, ही खेदाची बाब आहे. तांदळाच्या कणीएवढा जीव. शेवाळ नको, गाळ नको, खातो तो फक्त वेळ. सनसिटी-गास रस्ता पावसाळ्यात पाण्याखाली जातो तो तिच्या चराईसाठीच. सायलेन्सरमधून बुडबुडे काढणारी दुचाकी ढकलत माणूस पलीकडे पोहोचेपर्यंत त्याचा अर्धा तास ती अलगद टिपते.

पण सुट्या मिनिटांवर तिचे पोट कसे भरावे? २००९ साली वसई-विरार महापालिका झाली. २०११ मध्ये शासनाने त्यातून २९ गावे वगळली. प्रकरण कोर्टात गेले, स्थगिती आली. २०२४ मध्ये शासनाने तीच गावे महापालिकेतच ठेवायचे ठरवले. मधली तेरा वर्षे? काटासुद्धा शिल्लक नाही! इतकी स्वच्छ पाने लग्नाच्या पंगतीतही उठत नाहीत.

अशा गुणी जीवाची पैदास प्रत्येक सरकारी कचेरीत व्हावी, असा नम्र प्रस्ताव आम्ही रीतसर पाठवला. यथावकाश उत्तर आले: ‘सदर प्रजाती या कार्यालयात पूर्वीपासून सेवेत कायम असून तिची पदोन्नती विचाराधीन आहे.’