कतार म्हणजे आपलं जळगावच!

समोरच्या बंगल्यातल्या काकूंच्या जावयाला कतारच्या दोह्यात नोकरी लागली, ही बातमी पेढ्यांच्या आधी आमच्या गल्लीत फिरली होती. शेजारच्या आक्कांनी भिंतीवरून मान काढली. हाताला बिबड्यांचा घाटा तसाच. मूळच्या धुळे जिल्ह्यातल्या, शिंदखेड्याकडच्या; जळगावात राहून केस पिकले तरी अहिराणी सुटली नाही.

"बाई, तुम्ही तर भूगोल शिकाडा ना? कतार कितलं मोठं शे व? त्या काकू तर आशा सांगी राहिन्यात जसं काही अमेरिकाच."

मी निवृत्त होऊनही भूगोल विचारणारं कुणी भेटलं की मला राहवत नाही. म्हटलं, "आक्का, कतार म्हणजे आपला जळगाव जिल्हा. साडेअकरा हजार चौरस किलोमीटरच्या थोडंसं वर. आपला जिल्हा ११,७६५. चोपड्यापासून चाळीसगावपर्यंत, पारोळ्यापासून मुक्ताईनगरपर्यंत जेवढा मुलूख, तेवढ्यात अख्खा देश. त्यातच अमीर, त्यातच सैन्य, त्यातच विमानकंपनी, आणि २०२२ चा फुटबॉलचा वर्ल्डकपही तेवढ्यातच झाला."

"आन मानसं?"

"तीसेक लाख. आपल्या जिल्ह्यात २०११ च्या जनगणनेलाच बेचाळीस लाख होती. आणि त्या तीस लाखांतले खरे कतारी जेमतेम तीनेक लाख. बाकी सगळे बाहेरून पोटासाठी आलेले, त्यात आपले भारतीय सगळ्यांत जास्त. एकट्या जळगाव शहराची वस्ती तेव्हा साडेचार लाखांवर होती, म्हणजे बघा."

आक्कांचा चेहरा एकदम खुलला. शेजाऱ्याचं मोठेपण चौरस किलोमीटरमध्ये मोजून मिळालं की माणसाला किती बरं वाटतं! पण लगेच शंका आली. इतक्याशा देशात एवढा पैसा कुठून?

"समुद्राखाली गॅस आहे. जगातलं सगळ्यांत मोठं साठ्याचं क्षेत्र, त्यातलं जास्त कतारचं, बाकीचं इराणचं. आपल्याकडे दोन भावांत सामाईक विहीर असते ना, तसं."

"सामाईक हीर? मंग भांडनं व्हतस का नई?"

हा प्रश्न भूगोलाच्या एकाही पुस्तकात मी वाचला नव्हता, आणि खरा प्रश्न हाच. मी सांगितलं की २०१७ ला जे मोठं भांडण पेटलं ते विहिरीवरून नव्हतं आणि इराणशीही नव्हतं. कतारला जमिनीवरून शेजारी एकच, सौदी अरेबिया. त्या सौदीने, अमिराती, बहरीन आणि इजिप्त यांना सोबत घेऊन, जून २०१७ मध्ये कतारशी बोलचाल, येणंजाणं, सगळं तोडलं. सीमा बंद. त्या एकाच रस्त्याने दूध, भाजी, किराणा यायचा. दुकानांतली फडताळं रिकामी झाली. जानेवारी २०२१ पर्यंत हा रुसवा चालला.

"मंग पोरंसले दूध?"

"गायी आणल्या. विमानानं."

आक्कांनी हातातला घाटा भिंतीलाच पुसला. "गायी इमानमा बशीसन उन्यात?"

"युरोपातून, शेकड्यांनी. नदी एकही नाही, प्यायचं पाणी समुद्राचं खारं काढून करायचं, बाहेर आपल्या मे महिन्यासारखं ऊन, तरी गोठे गार ठेवून दूध काढलं. दोनेक वर्षांत देशाला पुरेल एवढं दूध घरचंच निघायला लागलं."

"आन आमनं दूधवाला पाऊस उना का येत नई," आक्का म्हणाल्या.

काकूंना दुसरीच काळजी होती म्हणे: जावयाला तिथे केळी मिळतील का? आता जळगावच्या बाईने आखाताबद्दल ही काळजी करावी! २०२१ मध्ये आपल्या रावेर तालुक्यातल्या तांदलवाडीची जीआय मानांकनाची २२ टन केळी दुबईला गेली. केळ्याची चिंता सोडा म्हणावं, घड्याळ लक्षात ठेवा. दोहा आपल्यापेक्षा अडीच तास मागे. सकाळी सातला सासूबाईंनी फोन केला तर तिकडे साडेचार वाजलेले असतात. पहिल्याच आठवड्यात संबंध बिघडायचे.

इथपर्यंत आक्का मजेत होत्या. मग ज्या प्रश्नाची मला धास्ती होती तो आलाच. "आन आमनं धुयं? धुयं कोनता देश शे?"

आता धुळे जिल्हा ७,१९५ चौरस किलोमीटर. त्या मापाचा देश पटकन सापडेना. मॉरिशस काढून पाहिला. तिथे कोकणातून गेलेल्यांचे वंशज आहेत, शाळेत मराठी शिकवतात. पण तो देश २,०४० चौरस किलोमीटरचा. म्हणजे धुळ्यात साडेतीन मॉरिशस बसतात. आक्कांना ते साडेतीन काही रुचलं नाही. त्यांना एक पुरा देश हवा होता.

"म्हंजे तुमनं जयगाव कतार आन आमनं धुयं काहीच नई?"

मग मला १ जुलै १९९८ आठवला. "आक्का, त्या दिवशी नंदुरबार वेगळं झालं नसतं, तर तुमचं धुळे १३ हजारांवर होतं. जळगावपेक्षा मोठं, कतारपेक्षाही मोठं. जवळजवळ मॉन्टेनेग्रो. तोही २००६ मध्ये सर्बियापासून वेगळा झालेला देश."

आणि असं फक्त धुळ्याचंच झालं नाही. सुदान हा आफ्रिकेतला सगळ्यांत मोठा देश होता. जुलै २०११ मध्ये दक्षिण सुदान वेगळा निघाला आणि पहिला नंबर आयताच अल्जीरियाला मिळाला. अल्जीरियाने एक इंच जमीन घेतली नाही की एक गोळी झाडली नाही. जळगावनेही काही केलं नव्हतं. पण आक्का ज्या नजरेनं माझ्याकडे बघत होत्या, त्यावरून नंदुरबार मीच तोडलं असावं.

"मंग ते नंदुरबार? त्यानाबी देश शे का काही?"

"आहे ना. ५,९५५ चौरस किलोमीटर. ब्रुनेई त्याहून जरासा लहान. बोर्निओ बेटावरचा, तेल-वायूवाला, सुलतानाचा देश. लोकांच्या पगारावर तिथे इन्कमटॅक्स नाही."

आक्कांची धाकटी बहीण नंदुरबार जिल्ह्यातच, शहाद्याला दिलेली. घरपट्टी वाढल्यापासून फोनवर दुसरा विषय नाही तिचा. आक्कांनी हात झटकले, पदर खोचला आणि आत वळता वळता म्हणाल्या, "थांबा, तिले फोन लावस. सांगस तिले, नगरपालिकावाला उना का म्हना, आम्ही ब्रुनेईना शेतस."