टेम्पोसह साडेसहा लाख

दारू पकडल्याची बातमी वाचताना आकडा नीट बघत जा. ‘वाहनासह साडेसहा लाखांचा मुद्देमाल जप्त’ असं काहीतरी छापलेलं असतं. त्यात गोवा बनावटीची दारू असते पन्नासेक हजारांची, तीही रिकाम्या क्रेटखाली दडवलेली. उरलेले सहा लाख म्हणजे टेम्पो. नुसते खोके सापडले तर बातमी आतल्या पानाच्या तळाशी जाते. टेम्पोसकट सापडले की फोटो येतो. पुढे खोके, मागे अधिकारी, त्यांच्या मागे टेम्पो. कारवाईला वजन येतं ते त्याच्यामुळेच.

म्हणून त्याचा पाहुणचारही लांबतो. चालक जामिनावर सुटतो, बाटल्यांचे नमुने प्रयोगशाळेत जातात आणि टेम्पोला ठाण्याच्या आवारात जागा मिळते. 1949 च्या दारूबंदी कायद्यानुसार खटल्याच्या शेवटी वाहन सरकारजमा होऊ शकतं, तेव्हा तो त्या शेवटाची वाट बघत उभा राहतो. पहिल्या पावसात सीट कुजते. बॅटरी कधी गेली हे आवारात कुणालाच ठाऊक नसतं. आवार पोलिसांचं असलं तरी. मग स्टेपनी. कर्जाचा हप्ता तेवढा जप्तीतून सुटलेला. तो महिन्याच्या महिन्याला मालकाच्या खात्यातून बिनदिक्कत बाहेर पडतो.

सर्वोच्च न्यायालयाने यावर 2002 मध्येच सांगून ठेवलंय. मुद्देमाल ठाण्यात पंधरा दिवस, फार तर महिनाभर ठेवा. गाडीचे फोटो काढा, पंचनामा करा, बंधपत्र घ्या आणि परत देऊन टाका. वकील मंडळी या निकालाला ‘सुंदरभाई’ म्हणतात. प्रकरण आलं होतं दारूबंदीवाल्या गुजरातमधून, आणि आरोपी होते पोलीसच. ठाण्यातला मुद्देमाल बदलला, परस्पर लिलावात काढला, असे आरोप होते. निदान तिथे माल हलत तरी होता!

1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेने तर दिवसच मोजून दिले. कलम 497 म्हणतं, चौदा दिवसांत मालाचं विवरण करा, फोटो काढा, चित्रीकरण करा आणि पुढच्या तीस दिवसांत त्याची विल्हेवाट ठरवा. कायदा एवढा चपळ झालाय, तरी उभ्या टेम्पोला त्याला गाठता येत नाही.

मालक अर्ज करतो. तारीख पडते, मग आणखी एक, आणि मग सरकार पक्षाचं म्हणणं दाखल होतं: वाहन सोडल्यास ते पुन्हा अशाच गुन्ह्यात वापरलं जाण्याची शक्यता आहे. टायर बसलेल्या, बॅटरी नसलेल्या टेम्पोच्या कर्तबगारीवर एवढा विश्वास त्याच्या मालकाचाही नसतो. पण न्यायालय अर्ज मंजूर करतं. अटी ठरलेल्या: विकायचा नाही, रंगरूप बदलायचं नाही, बोलावू तेव्हा हजर करायचा. रंगरूपाचं काम आवारातल्या उन्हापावसाने आधीच उरकलेलं असतं. ती अट त्यांना कुणी घातली नव्हती.

राहिलं बंधपत्र. ते पंचनाम्यातल्या किमतीचं, म्हणजे सहा लाखांचं. विमा कंपनी रस्त्यावर धावणाऱ्या गाडीची किंमत दरवर्षी खाली आणते. ठाण्यात उभ्या गाडीची किंमत मात्र पंचनाम्याच्या दिवशी जी गोठते, ती गोठतेच. ती उतरायची तर मालकाने फिरकू नये. मग हीच गाडी ‘जसे आहे, जेथे आहे’ तत्त्वावर लिलावात निघते आणि सहा लाखांचा मुद्देमाल भंगारवाल्याच्या काट्यावर किलोने मोजला जातो. त्याची बातमी येत नाही. फोटोही नाही.

आदेशाची प्रत घेऊन मालक ठाण्यात पोचतो. हवालदार सुपूर्दनामा पुढे सरकवतात. त्यात आधीच लिहिलेलं असतं, ‘वाहन सुस्थितीत मिळाले, काहीएक तक्रार नाही.’ मालक खिडकीतून टेम्पोकडे बघतो, मग कागदाकडे, मग पुन्हा टेम्पोकडे.

‘करा सही, दादा,’ हवालदार म्हणतात. ‘क्रेनवाला तासाचे पैसे घेतो.’