मुळावर आलेली जादू

कादंबरीतल्या जादूगाराचं बरं असतं. बोट फिरवलं की झाडाची मुळं सळसळत नदी ओलांडतात, पूल तयार! मेघालयातले खासी लोक तेच करतात, पण बिनमंत्राचं. रबराच्या वडाची कोवळी मुळं सुपारीच्या पोखरलेल्या खोडातून पलीकडच्या काठाकडे वळवायची आणि वाट बघायची. १५-२० वर्षं, कधी त्याहून जास्त. तेवढ्यात आपल्याकडे एकाच पुलाची तीन उद्घाटनं उरकतात. शिवाय हा पूल वय वाढेल तसा मजबूत होतो. म्हणजे दुरुस्तीचं टेंडर बुडालंच की! तेव्हा जादूच बरी. फक्त मंत्र असा हवा, की मुळं काठाच्या हातभर अलीकडे थांबतील आणि वाढीव खर्चाला मंजुरी मिळाल्यावरच पुढे सरकतील.