कारेगावचा फ्रेंच

रांजणगाव एमआयडीसीची पाळी सुटली, की आमच्या कारेगावात टपरीवर चहाला गर्दी होते आणि 'फ्रेंच'ला श्रोते मिळतात. हे नाव त्याला गावानं ठेवलंय. पुण्यात महिनाभर सिनेमा-रसग्रहणाचा कोर्स करून आला, तेव्हापासून त्याला जिथंतिथं प्राच्यवाद दिसतो. प्राच्यवाद म्हणजे काय, असं मी एकदाच विचारलं. दोन चहा गेले, तेही माझ्या खात्यावर.

पाश्चात्त्यांनी पूर्वेचं चित्र आपल्या कल्पनेतूनच रंगवलं, हे त्याचं म्हणणं तसं खोटं नाही. 7 जुलै 1896 ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएरांची हलती चित्रं आली. तिकडं फ्रान्समध्ये मात्र पूर्वेकडचा मुलूख घरबसल्या तयार होऊ लागला. पाते कंपनीनं 1902 ला 'अलीबाबा' काढला, 1906 ला 'अल्लादीन'. मधे 1905 ला जादूगार मेलिएसनं पॅरिसजवळच्या काचेच्या स्टुडिओत अरबी कथांचा अख्खा राजवाडा उभा केला. पुठ्ठा, रंग आणि धूर. "इकडचा मुलूख न बघता!" असं म्हणताना फ्रेंचची बशी हिंदकळते. पातेचं बोधचिन्ह कोंबडा. त्यामुळं पोल्ट्रीवाल्या पाहुण्यांकडं गेला तरी विषय तिथंच येतो.

निवृत्त गुरुजींनी एकदा अडवलं. "अरे, आपले दादासाहेब फाळकेसुद्धा जादूचे प्रयोग करायचे. नाव उलटं करून, प्रोफेसर केळफा!"

"ते वेगळं, गुरुजी. ते आपले होते."

त्याच्या आजीनं मोबाइलवर तो राजवाडा बघितला. "किती नटवलंय रं! आपल्याकडं आले होते का हे?"

"नाही ना, आजी. तेच तर सांगतोय."

"मग बरंच केलंय की."

यंदा मंडळानं गणपतीच्या देखाव्याचं काम त्याच्यावर सोपवलं. महिनाभर पत्र्याच्या शेडचं दार बंद. चतुर्थीला पडदा सरकला तर आत पॅरिस! थर्माकोल नको म्हणून पुठ्ठ्याचा आयफेल टॉवर, निळ्या ताडपत्रीची नदी, आणि गोल टोप्या घातलेली सहा पोरं काखेत लांबुळके पाव धरून उभी. पाव शिक्रापूरहून आणलेले.

"तू पॅरिसला कधी गेला होतास?" मी विचारलं.

"जायला कशाला लागतंय? फोटो बघितलेत की," तो म्हणाला आणि धुराचं मशीन सुरू करायला आत पळाला.

टॉवर नगर रस्त्यावरून दिसायचा. दहा दिवस ट्रकवाले गाड्या बाजूला घेऊन फोटो काढत होते.