कालमणी: एक भूशास्त्रीय खुलासा

काळाची गती थांबवणारे, लांबवणारे किंवा उलटी फिरवणारे दुर्मीळ खनिज हे सहसा कल्पित कथांचे भांडवल समजले जाते. डॉक्टर स्ट्रेंज या चित्रपटनायकाच्या गळ्यातला हिरवा मणी हे त्याचे अलीकडचे उदाहरण होय. मात्र त्या मण्याचे सामर्थ्य पाहून थक्क होणारा प्रेक्षक बंगळुरूबाहेरचाच असला पाहिजे, असे मानण्यास जागा आहे. कारण या महानगरात तशा खनिजाचा तुटवडा मुळीच नसून ते रस्तोरस्ती ढीग करून टाकलेले असते, आणि बांधकाम खात्याच्या परिभाषेत त्याला खडी म्हणतात.

या खडीचे कूळ थोर आहे. शहरातल्या लालबाग उद्यानात नगरसंस्थापक केंपेगौडांच्या मनोऱ्याखाली जो उघडा खडक दिसतो, तो द्वीपकल्पीय पट्टिताश्म, म्हणजे प्रचंड उष्णता आणि दाब सोसल्यामुळे ज्यातील खनिजांचे फिकट आणि गडद पट्टे वेगळे झाले आहेत असा रूपांतरित खडक होय. म्हैसूर संस्थानच्या भूशास्त्र खात्यातील डब्ल्यू. एफ. स्मीथ यांनी १९१६ साली या खडकसमूहाला हे नाव दिले, आणि सुमारे ३०० कोटी वर्षांच्या त्याच्या वयाचा मान राखून भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाने त्याला राष्ट्रीय भूवैज्ञानिक स्मारक ठरवले. या खडकाने १६३८ साली विजापूरकरांची फौज पाहिली, त्यानंतर शहाजीराजांची जहागीर पाहिली आणि त्याच शतकाच्या अखेरीस तीन लाख रुपयांत अख्खे बंगळुरू म्हैसूरच्या चिक्कदेवराजाकडे गेलेलेही पाहिले. त्या रकमेत आज तेथे सदनिकेची अनामतही सुटत नाही.

खडकाचे वय सांगणारा साक्षीदार त्याच्या पोटातच असतो. झिरकॉन हे वाळूच्या कणाएवढे चिवट खनिज घडताना युरेनियमला आत घेते आणि शिशाला जवळजवळ दारातूनच परत पाठवते. पुढे युरेनियमचे ठरावीक गतीने शिसे होत जाते (त्याच्या मुख्य प्रकाराची निम्मी मात्रा संपायला सुमारे ४४७ कोटी वर्षे लागतात), म्हणून कणात साठलेले शिसे मोजले की त्याचे वय निघते. खडक फोडला, कुटला किंवा दळला तरी हे घड्याळ बंद पडत नाही, ही गोष्ट प्रशासनाच्या दृष्टीने फार महत्त्वाची आहे.

काळाशी नाते सांगणारे याच खडकातील दुसरे खनिज म्हणजे क्वार्ट्झ, ज्याला मराठीत गारगोटी म्हणतात. त्याच्या कपचीला विजेचा स्पर्श झाला की ती नेमक्या गतीने थरथरते, आणि घड्याळात ती सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरेल अशा बेताने कापलेली असते. या संख्येचे पंधरा वेळा निम्मे केले की बरोबर एक उरतो, तोच सेकंद. गंमत अशी की १९६१ साली जपानच्या सिटिझन कंपनीच्या साहाय्याने ज्या शहरात एचएमटीचा घड्याळ कारखाना उभा राहिला, त्या शहराच्या पायाखाली गारगोटीच गारगोटी होती, पण कारखान्याचा जीव मात्र चावीत अडकला होता. रोज सकाळी अंघोळ आटोपून ‘जनता’ घड्याळाला चावी देणारी एक पिढी त्यावर पोसली गेली हे खरे, आणि एचएमटीने क्वार्ट्झला हात लावलाच नाही असेही नाही, परंतु १९८४ साली स्थापन झालेल्या टायटनने शेजारच्या होसूरमध्ये सेलच्या घड्याळांवरच सारा डाव लावला, आणि २०१६ साली एचएमटीचा घड्याळ विभाग बंद करण्याच्या निर्णयावर केंद्र सरकारची मोहोर उठली. एचएमटीने उभारलेले पुष्पघड्याळ लालबागेत अजून आहे, त्याच्याभोवती हिमगौरी आणि सात बुटके उभे आहेत. इतक्या निवांतपणे वेळेकडे पाहणारे आठ नागरिक उर्वरित शहरात सापडणे कठीण.

काळ मोजणे हा अर्थात या खनिजांचा दुय्यम गुण झाला. काळ लांबवण्याचा मुख्य गुण ती सरकारी निविदेत शिरल्यावरच प्रकट होतो. बंगळुरूतल्या एजीपुऱ्याच्या सुमारे अडीच किलोमीटर लांबीच्या उड्डाणपुलाचे काम २०१७ साली सुरू झाले आणि २०१९ साली संपायचे होते. २०२२ साली मूळ कंत्राट रद्द झाले, २०२३ साली काम नव्या ठेकेदाराकडे गेले, आणि मधल्या काळात पुलाच्या वाटेवरच्या कोरमंगलात माथ्यावर काहीही न पेलता उभ्या असलेल्या खांबांनी स्थानिकांना पत्ता सांगण्यासाठी उत्तम खूण पुरवली. प्रत्येक नवी मुदत ही काळ्या दगडावरची रेघ असल्याचे सांगण्यात आले, आणि ते खरेच होते, कारण तो दगड पुढच्याच महिन्यात क्रशरमध्ये जात असे.

वेळ मारून नेण्याच्या या कलेचा पुढचा टप्पा भूमिगत आहे. हेब्बाळ ते सिल्क बोर्ड हा सुमारे १७ किलोमीटरचा बोगदा प्रवाशांचा वेळ वाचवील असे सांगितले जाते. २०२५ साली त्याच्या एका जोडमार्गासाठी लालबागेतील जागा घेण्याचा प्रस्ताव पुढे आला, तेव्हा नागरिकांनी आणि भूशास्त्राच्या अभ्यासकांनी कडाडून विरोध केला. त्यांचा आक्षेप भावनेचा आहे, हे बोगद्याच्या समर्थकांचे म्हणणे वरवर पटण्यासारखे आहे: ३०० कोटी वर्षे खर्चून तयार झालेल्या खडकाच्या बदल्यात विमानतळाच्या वाटेवरची वीसपंचवीस मिनिटे मिळत असतील, तर सौद्यात खोट कोणती? खोट एवढीच की ती मिनिटे सिल्क बोर्डाच्या चौकातल्या कोंडीत बोगद्यातून वर येताच परत करावी लागतील.

एजीपुऱ्याच्या पुलाच्या दिरंगाईची चौकशी करायची झाल्यास समितीने साक्षीपुरावे आणि फायली यांच्या भानगडीत न पडता थेट खांबांचा नमुना प्रयोगशाळेत पाठवावा. नव्या बांधकामांत नदीच्या वाळूऐवजी खडक दळून केलेली वाळू, जिला कामगार एम-सँड म्हणतात, सर्रास वापरली जाते. तिच्यात झिरकॉनचे कण उतरलेले असणारच, आणि त्यांचे युरेनियम व शिसे मोजले की शास्त्रशुद्ध वय मिळेल. त्या अहवालाच्या आधारे उड्डाणपूल कोट्यवधी वर्षांपूर्वी, म्हणजे कार्यादेश निघण्याच्या पुष्कळ आधी सिद्ध झाल्याचे प्रमाणित होईल, आणि मुदतीपूर्वी काम पूर्ण केल्याबद्दल ठेकेदाराला द्यावयाच्या प्रोत्साहन रकमेचा प्रस्ताव वित्त विभागाकडे पाठवता येईल.