दावा वजा, आपण मजेत

माननीय वकीलसाहेब यांसी,


गेल्या तारखेला बांधाचा दावा एकदाचा निकाली निघाला, हे कळवताना आनंद होतो. सात वर्षं चाललेला, अर्ध्या मिनिटात संपला. शिपायानं नाव पुकारलं तेव्हा मी व्हरांड्यातच होतो. दारातून डोकावून तुमचा काळा कोट शोधला. पुढं सरकलो नाही. ‘कोर्टात तोंड उघडायचं नाही, बोलायला मी आहे’ ही तुमचीच ताकीद.

हुकूम कन्नडमध्ये झाला. आम्हा मराठी माणसांना कोर्टाची कन्नड कळत नाही ही तक्रार मी मागं घेतो. ‘गैरहजर’ आणि ‘वजा’ हे शब्द दोन्ही भाषांत आहेत. वाटणी न झालेली तेवढीच सामाईक मालमत्ता. फक्त आमच्या वजाबाकीत खाली काहीतरी बाकी उरते.

मग तिथल्याच एका कारकुनानं समजावलं. दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश ९, नियम ८. प्रतिवादी हजर, वादी गैरहजर, की दावा वजा. त्याच कारणावर नवा दावा नाही. तीस दिवसांत ‘पुरेसं कारण’ दाखवून जुनाच उठवायचा. तेवढं कारण लवकर कळवा. आजारपण मात्र नको. त्या दिवशी तुम्ही उदगीरच्या लग्नात गुलाबी फेटा बांधून पंगतीला बसला होतात. स्टेटस तुमचंच, जिलेबी मोजता येते.

रफीक विरुद्ध मुन्शीलाल या १९८१ च्या निकालात सुप्रीम कोर्टानं म्हटलंय, की वकील नेमून, फी भरून निर्धास्त झालेल्या पक्षकाराला वकिलाच्या चुकीची शिक्षा नको. वर खर्चाचे २०० रुपये गैरहजर वकिलाकडूनच वसूल करायला लावले. घाबरू नका. ही सवलत सरसकट नाही, असं १९९३ मध्ये त्याच कोर्टानं सांगून ठेवलंय. आणि दोनशे रुपयांत तर तुमचा मुन्शी पुढची तारीखही सांगत नाही.

न्याय तसा जवळ येतोय हो. हायकोर्टासाठी आम्ही बेंगळुरूपर्यंत जायचो. २००८ पासून कलबुर्गीत खंडपीठ बसतं, २०१७ पासून बीदरहून तिकडं थेट रेल्वेही धावते. कोर्टाच्या दारापासून टेबलापर्यंतची दहा पावलं तेवढी राहिलीत.

आमच्या भागातल्या गावांसह ८६५ गावांचा महाराष्ट्राचा दावा २००४ पासून सुप्रीम कोर्टात आहे. अजून वजा झालेला नाही. त्यांचे वकील लग्नाला जात नसावेत.

शेजाऱ्यानं परवा तुरीच्या शेंगा पाठवल्या, कोरलेल्या बांधावरच्या, म्हणजे माझ्याच मातीतल्या. बायकोनं मीठ घालून उकडल्या. गोड निघाल्या. तुमच्या वाटच्या पिशवीत बांधून ठेवल्यात. वकालतनाम्यावर पत्ता आहे, न्यायला या.

आपला अशील,
भालकी तालुका