सोफ्यावरचं सत्य

हल्ली सिनेमा पाहायला कुणाला सवड नाही. तो कसा झाला, हे माहितीपटांत पाहण्यातच रात्र सरते. सकाळी नाशिकच्या कॉलेज रोडवर मिसळीचा रस्सा यायच्या आत सलीम-जावेद का फुटले, यावर निकाल लागलेला असतो. गोदापार्कला घाण का, हे कुणाला सांगता येणार नाही. रोशन घराण्याच्या तीन पिढ्या मात्र तोंडपाठ.

या माहितीपटांचं व्याकरण ठरलेलं असतं. मोठ्या माणसाबद्दलचं कटू सत्य त्याच्याच घरच्यांनी, महागड्या सोफ्यावर बसून, डोळे पुसत सांगायचं. ‘अँग्री यंग मेन’च्या निर्मात्यांत सलीम-जावेद यांचीच मुलं. ‘द रोमँटिक्स’ यशराजवर, निर्मिती यशराजची. स्वतःच्या मुलाखतीत स्वतःच प्रश्न विचारले, की उत्तरं चुकत नाहीत. संघर्ष असतो, पण पहिल्याच भागात उरकतो. आपणही गहिवरतो, फुकटात ‘आतले’ झाल्याचं समाधान मिळतं.

आता एखाद्या ओटीटीवाल्याकडे त्र्यंबकेश्वरात जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांचा विषय घेऊन जा. विमा गहाण, पत्नी सरस्वतीबाईंचे दागिने विकलेले, तारामतीच्या भूमिकेला बाई मिळेना म्हणून हॉटेलातले साळुंके उभे केलेले. साहेब खूश होतील. मग विचारतील, ‘‘शेवट?’’ 1937चा ‘गंगावतरण’ हा त्यांचा एकमेव बोलपट. 1944 साली नाशकात मृत्यू, तोवर चित्रपटसृष्टीला विसर पडलेला. ‘‘छे, शेवटी संघर्ष चालत नाही!’’ वास्तविक सिनेमा कसा बनतो हे दाखवणारा पट फाळक्यांनी 1917च्या सुमारास स्वतःच काढला होता. त्यात काम करताना दिसतात तेही स्वतःच. पण बिचाऱ्यांना सोफा सुचला नाही.

साहेबांना याच जिल्ह्यातलं मालेगावही परवडायचं नाही. 2008च्या ‘सुपरमेन ऑफ मालेगाव’ या माहितीपटात फैझा अहमद खान यांनी शेख नासिर आणि मंडळींचा सुपरमॅनवरचा सिनेमा बनताना टिपला. सुपरमॅन यंत्रमाग कामगार, तोही कर्करोगाने पोखरलेला. कॅमेरा सायकलवर, आणि एकदा थेट पाण्यात. सत्य सांगायला कुणाचा पोरगा निर्माता नव्हता, त्यामुळे ते पडद्यावर तसंच राहिलं.

त्याच मंडळींवर पुढे ‘सुपरबॉईज ऑफ मालेगाव’ हा हिंदी सिनेमा आला. निर्माते कोण? झोया आणि फरहान अख्तर, रीमा कागती, रितेश सिधवानी. मालेगावकरांनी निर्धास्त व्हावं. सोफा आता फार लांब नाही.